पहिल्या दिवशी काय घालावे, काय न्यावे?

नागपूरचे गांधीबाग कापडाच्या बाजारासाठी प्रसिद्ध आहे. तेथील दुकानांत कापडाची ठाणे छतापर्यंत रचलेली असतात. तुम्ही कापड मागितले, की दुकानदार आधी विचारतो, "काय शिवायचे आहे?" सदरा शिवायचा असेल तर तो एक कापड काढतो. अस्तर हवे असेल तर दुसरे काढतो आणि चादर हवी असेल तर तिसरे. हा प्रश्न साधा आहे, पण फार उपयोगाचा आहे. कपडा योग्य आहे की नाही, हे त्याच्या किमतीवरून ठरत नाही. ते त्याच्या कामावरून ठरते.

व्यायामाच्या कपड्यांनाही हाच नियम लागू पडतो. आखाड्यातला पहिलवान लंगोट बांधतो, कारण झटापटीत सैल कपडा अडकेल आणि फाटेल. मल्लखांबाचा खेळाडू आखूड कपडे घालतो. त्याला लाकडी खांब हातापायांनी घट्ट धरायचा असतो. मध्ये कापड आले, तर पकड सुटते. नागपूरहून सुमारे दीडशे किलोमीटरवर अमरावती आहे. तेथील श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ 1914 साली स्थापन झाले. 1936 साली बर्लिन येथे ऑलिंपिक सामने झाले. त्या वेळी या मंडळाच्या खेळाडूंनी तेथे जाऊन आपले भारतीय व्यायामप्रकार करून दाखवले.

आपले खेळाडू ज्या जर्मनीत गेले, त्याच जर्मनीत जन्मलेल्या एका माणसाचा व्यायामप्रकार आता आपल्या शहरांतही शिकवला जातो. त्याचे नाव पिलाटेस. जोसेफ पिलाटेस यांचा जन्म 1883 साली झाला. लहानपणी ते दम्याने आणि मुडदुसाने आजारी असत. मुडदूस म्हणजे हाडे मऊ व वाकडी होण्याचा रोग. शरीर बळकट व्हावे म्हणून त्यांनी अनेक व्यायाम शिकून घेतले. पहिल्या महायुद्धाच्या काळात ते इंग्रजांच्या कैदेत होते. तेथेही त्यांनी आपला व्यायाम सोडला नाही. पुढे 1926 च्या सुमारास ते अमेरिकेत गेले आणि न्यूयॉर्क शहरात त्यांनी व्यायामशाळा काढली. 1967 साली त्यांचे निधन झाले. त्यांनी आपल्या पद्धतीला नियंत्रणाची विद्या अशा अर्थाचे नाव दिले होते. त्यांच्यानंतर लोक तिला त्यांच्याच नावाने ओळखू लागले.

या व्यायामात धावणे नाही आणि उड्या मारणेही नाही. काही ठिकाणी स्प्रिंग लावलेली यंत्रे वापरतात. परंतु नवशिक्यांचा वर्ग बहुधा चटईवरच होतो. पाठीवर निजून, पोटावर निजून, कुशीवर होऊन किंवा बसून हालचाली करायच्या असतात. प्रत्येक हालचाल सावकाश करायची आणि तिच्याबरोबर श्वास घ्यायचा व सोडायचा. पोट, कंबर आणि पाठ यांचे स्नायू त्यामुळे मजबूत होतात.

असे असूनही अनेक मुले-मुली पहिल्याच दिवशी मागे हटतात. जाहिरातींत या वर्गांची चित्रे दिसतात. त्यांत तंग आणि चकचकीत कपडे घातलेली माणसे असतात. ती पाहून कोणी म्हणतो, "असे कपडे घ्यायला माझ्याकडे पैसे नाहीत." कोणी म्हणते, "असे कपडे मी घालणार नाही, घरीही चालणार नाही." अशा रीतीने व्यायाम सुरू होण्यापूर्वीच संपतो. म्हणून या वर्गाला खरोखर काय लागते, ते नीट समजून घ्या.

कपड्याकडून तीन कामे हवी असतात. पहिले, हालचाल अडू नये. दुसरे, आपले गुडघे, कंबर आणि खांदे सरळ रेषेत आहेत की नाहीत, हे शिक्षकांना कळावे. तिसरे, कपडा जागचा सरकू नये. या तीन कसोट्यांना उतरणारा कोणताही कपडा चालतो. तो जुना असला तरी चालतो. त्याने हात झाकले, पाय झाकले तरी चालते.

आता कापडाचा विचार करू. मागावर विणलेल्या कापडात ताणा आणि बाणा असतो. हे शब्द तुम्हाला उर्दूतूनही ओळखीचे आहेत. ताणा म्हणजे उभे धागे आणि बाणा म्हणजे आडवे धागे. ते एकमेकांत घट्ट बसलेले असतात, म्हणून असे कापड फारसे ताणले जात नाही. बनियनचे किंवा टी-शर्टचे कापड वेगळ्या रीतीने तयार होते. त्याला होजिअरी म्हणतात. त्यात धाग्याचे लहान लहान फासे एकमेकांत गुंतवलेले असतात. ओढले की फासे लांबतात आणि सोडले की पूर्ववत होतात. म्हणून वाकताना व वळताना होजिअरीचा कपडा अंगाबरोबर चालतो. मागावरचे कापड वापरायचे असेल, तर ते थोडे सैल शिवलेले असावे.

सुती कापड घाम शोषून घेते. पण ते वाळायला वेळ लागतो. पॉलिएस्टर लवकर वाळते. परंतु पातळ व जाळीदार नसेल तर उन्हाळ्यात त्यात गुदमरल्यासारखे होते. नागपूरचा पारा मे महिन्यात 45 अंशांच्या आसपास जातो. अशा दिवसांत सुती किंवा सुताचे मिश्रण असलेले कापड बरे वाटते. घामाने भिजलेले कपडे तसेच अंगावर वाळू देऊ नका. घरी गेल्यावर ते लगेच बदला.

मुलांनी टी-शर्ट आणि लांब ट्रॅक पँट घातली तरी पुरे. पायजमा असेल तर त्याच्या नाडीची गाठ मोठी ठेवू नका. पोटावर निजल्यावर ती टोचते. खिशात किल्ल्या, नाणी किंवा पेन ठेवू नका. जीन्स मात्र घालू नका. तिचे कापड जाड असते आणि तिची बटणे पाठीखाली व पोटाखाली रुततात.

मुलींना सलवार-कमीज घालूनही हा व्यायाम करता येतो. फक्त दोन गोष्टी पाहाव्यात. सलवारीचा घेर मोठा असेल, तर निजून पाय वर करताच ती गुडघ्यापर्यंत घसरते. त्यामुळे खाली अरुंद असलेली सलवार किंवा पायजमा घाला. कमीज फार लांब असेल, तर ती पाठीखाली गोळा होते. मांडीपर्यंत येणारी आणि दोन्ही बाजूंना चीर असलेली कमीज बरी. आत बनियन घातली की कमीज वर सरकली तरी अंग झाकलेले राहते. ओढणी गळ्याभोवती लोंबू देऊ नका. लोळताना ती अंगाखाली दाबली जाते आणि गळ्याला ओढ बसते.

डोके झाकायचे असेल तर होजिअरीचा लहान रुमाल घ्या. तो अंगाबरोबर बसला पाहिजे. पण श्वास घेताना गळ्यावर ताण येता कामा नये. त्याला टाचण्या लावू नका, कारण निजल्यावर त्या टोचतात. डोके झाकले म्हणजे खेळ बंद, असे मुळीच नाही. फुटबॉलच्या आंतरराष्ट्रीय नियमांनी 2014 साली खेळाडूंना डोके झाकून खेळण्याची परवानगी दिली. वर्गात नाव घालण्यापूर्वी एक गोष्ट मात्र मोकळेपणाने विचारा. हा वर्ग केवळ मुलींचा आहे काय? शिकवायला बाई आहेत काय? असे विचारण्यात संकोच वाटण्याचे कारण नाही.

कपडे ठरले, की घरीच त्यांची परीक्षा घ्या. उभे राहून दोन्ही हात वर करा. उकिडवे बसा. मांडी घालून पुढे वाका. पाठीवर निजून दोन्ही पाय वर उचला. शेवटी एका कुशीवरून दुसऱ्या कुशीवर वळा. या पाच हालचाली करताना कपडा सावरायला हात लावावा लागला, तर तो कपडा बदला. हात लावावा लागला नाही, तर तुमचा पोशाख तयार आहे.

हा व्यायाम बूट घालून करत नाहीत. अनवाणी पायांची बोटे जमिनीला धरून राहतात. साधे मोजे घातले तर गुळगुळीत फरशीवर पाय घसरतो. काही वर्गांत मोजे सक्तीचे असतात. त्यासाठी तळाला रबराचे ठिपके असलेले मोजे मिळतात. ते आधीच विकत घेण्याची घाई करू नका. वर्गात विचारा आणि मग ठरवा.

आता चटईबद्दल. योगासनांची चटई साधारणपणे 4 ते 6 मिलिमीटर जाड असते. पिलाटेसची चटई त्याहून जाड, 10 ते 15 मिलिमीटरपर्यंत असते. याचे कारण सोपे आहे. या व्यायामात पाठीवर गोल लोळावे लागते. त्या वेळी मणक्याची हाडे जमिनीवर दाबली जातात. चटई पातळ असेल तर पाठ दुखते. पुष्कळ वर्गांत चटया ठेवलेल्या असतात, म्हणून आधी चौकशी करा. तेथे चटई नसेल, तर योगासनांच्या चटईवर जाड चादरीची दुहेरी घडी घाला. नुसती सतरंजी फरशीवर सरकते, ती टाळा. घरातील जानमाज या कामासाठी नेऊ नका. तिचा मान वेगळा आहे.

पिशवीत आणखी थोड्या वस्तू ठेवा. पाण्याची घट्ट झाकणाची बाटली घ्या. पण ती भिंतीजवळ ठेवा. चटईजवळ पाणी सांडले, तर कोणीतरी घसरेल. एक लहान टॉवेल घ्या. तो घाम पुसायला उपयोगी पडतो आणि गुंडाळला तर मानेखाली उशीसारखा ठेवता येतो. केस लांब असतील तर एका बाजूला सैल वेणी घाला. डोक्याच्या मागे अंबाडा किंवा मोठी पिन असेल, तर निजता येत नाही. बांगड्या, अंगठ्या, घड्याळ आणि लांब साखळ्या घरीच ठेवा.

पिशवीत न मावणारी एक वस्तूही बरोबर न्यायची असते. ती म्हणजे स्वतःच्या शरीराची खरी माहिती. तुम्हाला दमा आहे काय? हात किंवा पाय कधी मोडला होता काय? पाठ दुखते काय? शस्त्रक्रिया झाली आहे काय? वर्ग सुरू होण्यापूर्वी हे शिक्षकांना सांगा. दम्याचे औषध हाताशी ठेवा. आजार गंभीर असेल, तर आधी डॉक्टरांचा सल्ला घ्या. जोसेफ पिलाटेस स्वतः आजारी मूल होते, हे तुम्ही वाचलेच आहे. आजार सांगण्यात लाज नाही. तो लपवण्यात मात्र धोका आहे.

वर्गापूर्वी दोन-तीन तास पोटभर जेवू नका. तुडुंब पोटावर पाय उचलले की मळमळते. अगदी उपाशीही जाऊ नका. एखादे केळे खाल्ले तरी चालेल. रमजानच्या दिवसांत रोजा असेल, तर शिक्षकांना तसे सांगा. दिवसा पाणी पिता येत नाही, म्हणून नवा व्यायाम इफ्तारनंतर काही वेळाने करणे चांगले. तो महिना संपल्यावर सुरुवात केली तरी काही बिघडत नाही.

पहिल्या दिवशी दहा मिनिटे आधी पोहोचा. शिक्षक जवळून दिसतील, अशी जागा घ्या. शेजारच्या मुलाने किंवा मुलीने काय घातले आहे, याकडे पाहू नका. तीही बहुधा आपला श्वास मोजण्यात गुंतलेली असेल. एखादी हालचाल जमली नाही, तर थांबा आणि पुन्हा करा. कंबर किंवा मान दुखू लागली, तर लगेच सांगा.

आता हिशेब करून पाहा. धुतलेले सैलसर कपडे, पाण्याची बाटली, टॉवेल आणि गरज असल्यास चटई. यांतील बहुतेक वस्तू तुमच्या घरात आजच आहेत. महाग कपड्यांनी कंबर बळकट होत नाही, ती सरावाने होते. म्हणून बाजारात जाण्यापूर्वी घरातले कपाट उघडा. त्यात पहिल्या वर्गाला पुरेल इतके नक्की सापडेल.