मनोरमा : उपकथानकातून मोठी झालेली अभिनेत्री

तमिळ रंगभूमी व चित्रपट यांचे नाते किती निकटचे होते, हे मनोरमा यांच्या कारकिर्दीवरून स्पष्ट होते. त्यांचा जन्म १९३७ साली, त्या वेळच्या तंजावर जिल्ह्यातील मन्नारगुडी येथे झाला. त्यांचे मूळ नाव गोपीशांता. वडिलांनी कुटुंबाचा त्याग केल्यावर आईने चेट्टिनाडमधील पळ्ळत्तूर येथे घरकाम करून त्यांना वाढविले. लहान वयातच त्या नाटकांतून कामे करू लागल्या. ‘मालैयिट्ट मंगै’ (१९५८) या कवी कण्णदासन यांच्या चित्रपटाद्वारे त्यांनी पडद्यावर पदार्पण केले.

त्या काळच्या तमिळ चित्रपटात विनोद हा बहुधा मुख्य कथेला समांतर चालणारा स्वतंत्र प्रवाह असे. एन. एस. कृष्णन व टी. ए. मधुरम या जोडीने ही परंपरा दृढ केली होती. अशा उपकथानकात थोड्या अवकाशात एक संपूर्ण व्यक्ती उभी करावी लागे. ‘कोंजुम कुमरी’ (१९६३) मध्ये मनोरमा नायिकाही झाल्या. परंतु त्यांचे खरे क्षेत्र विनोदी व चरित्र भूमिकांचेच राहिले. नायिकेला वयाची मर्यादा असते, चरित्र अभिनेत्रीला नसते. मात्र त्यासाठी प्रसिद्धीतील दुय्यम स्थान पत्करावे लागते.

नागेश यांच्यासमवेत त्यांची जोडी विशेष गाजली. निरनिराळ्या प्रदेशांतील व जातीजमातींतील बोली त्या सहजतेने बोलत. मद्रासच्या रस्त्यावरची भाषाही त्यांनी गाण्यातून लोकप्रिय केली. ‘तिल्लाना मोहनांबाळ’ (१९६८) या चित्रपटातील नागस्वरवादक व नर्तकी यांची कथा तंजावरच्या कलापरंपरेशी नाते सांगणारी आहे. तीत मनोरमांनी जिल जिल रमामणी ही नाटकमंडळीतील नटी साकारली. शिवाजी गणेशन व पद्मिनी यांच्यासारखे दिग्गज समोर असताही ही भूमिका प्रेक्षकांच्या स्मरणात राहिली. फिरत्या नाटकाचे जग त्यांनी स्वतः पाहिलेले असल्यामुळे तिच्या हास्यात अनुभवाची खोली होती.

पुढे त्या वडीलधाऱ्या स्त्रियांच्या भूमिकांकडे वळल्या. ‘पुदिय पादै’ (१९८९) या चित्रपटासाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार, तर २००२ साली पद्मश्री मिळाली. एक हजाराहून अधिक चित्रपटांत काम केल्याबद्दल गिनीजच्या ग्रंथात त्यांची नोंद झाली. २०१५ साली त्यांचे निधन झाले. चेट्टिनाडात वडीलधाऱ्या स्त्रीला आदराने ‘आच्ची’ म्हणतात. प्रेक्षकांनी त्यांना तेच नाव दिले. दुय्यम गणल्या गेलेल्या भूमिकांतून मिळविलेला हा मान प्रमुख नायिकांच्याही वाट्याला क्वचितच आला.