पडद्यामागचे सूर : भुतांना न हसणारा संगीतकार

गेल्या आठवड्यात आपण निखळ भयपटांच्या संगीताबद्दल बोललो. तिथे संगीतकाराचं काम अवघड असलं तरी सरळ असतं, प्रेक्षकाला घाबरवायचं. भुताच्या विनोदी सिनेमात मात्र त्याची खरी पंचाईत होते. भूत आलं की पोटात गोळाही यायला हवा आणि पुढच्याच वाक्याला थिएटर हसायलाही हवं. अशा वेळी वाद्यवृंदाने कोणाची बाजू घ्यायची? या प्रश्नाचं मला सर्वांत पटलेलं उत्तर १९८४च्या 'घोस्टबस्टर्स'मध्ये आहे, आणि ते नीट ऐकू यायला पुढे बावीस वर्षं लागली.

'घोस्टबस्टर्स'चं संगीत म्हटलं की लोकांना रे पार्कर ज्युनिअरचं शीर्षकगीत आठवतं. त्या वर्षीच्या ऑगस्टमध्ये ते अमेरिकेच्या यादीत तीन आठवडे पहिल्या क्रमांकावर होतं. अरिस्टा कंपनीने सिनेमाची तबकडी काढली ती अर्थातच गाण्यांची. ज्याने सिनेमाचं पार्श्वसंगीत केलं, त्या एल्मर बर्नस्टीनच्या वाट्याला तिच्यावर दोनच तुकडे आले : मुख्य धून आणि नायिका डेना हिची धून. (आपण नाकं मुरडायचं कारण नाही. आपल्याकडे 'शोले'च्या संवादांची तबकडी घरोघरी वाजली, पण पार्श्वसंगीत वेगळं ऐकायला मिळावं असं किती निर्मात्यांना वाटलं?)

हा बर्नस्टीन म्हणजे 'द टेन कमांडमेंट्स', 'द मॅग्निफिसंट सेव्हन', 'टू किल अ मॉकिंगबर्ड' यांचा संगीतकार. भारदस्त माणूस. विनोदी सिनेमाकडे तो वळला १९७८मध्ये, 'अ‍ॅनिमल हाउस'मुळे. दिग्दर्शक जॉन लँडिस हा त्याच्या मुलाचा मित्र. कॉलेजातल्या वात्रट पोरांच्या या सिनेमाला गंभीर नाट्याला द्यावं तसं संगीत दे, असा लँडिसचा आग्रह होता. पडद्यावर पोरं धुडगूस घालतात आणि मागे वाद्यवृंद चेहऱ्यावरची सुरकुती न हलवता वाजतो, त्यामुळे धुडगूस आणखी हास्यास्पद होतो. ही युक्ती इतकी चालली की पुढची काही वर्षं हॉलिवूडचे विनोदी सिनेमे बर्नस्टीनचं दार ठोठावत राहिले. मायकल जॅक्सनच्या 'थ्रिलर'चा व्हिडिओ तुम्ही पाहिला असेल. त्यात गाण्याबाहेरचं जे भीतीचं संगीत आहे तेही याचंच. 'अ‍ॅनिमल हाउस'चा एक निर्माता होता आयव्हन राइटमन, आणि 'घोस्टबस्टर्स'चा दिग्दर्शक तोच.

सिनेमाची सुरुवात बघा. न्यूयॉर्कच्या सार्वजनिक ग्रंथालयाचं तळघर. एक ग्रंथपाल बाई पुस्तकं जागेवर लावतायत. त्यांच्या पाठीमागे तालिकापत्रांचे खण आपोआप उघडतात आणि पत्रं कारंज्यासारखी हवेत उडू लागतात. विनोदी सिनेमाची पहिलीच दोन मिनिटं, पण संगीतात थट्टेचा मागमूस नाही. व्हायोलिनांच्या अंगावरून एक हेलकावणारा, ना धड माणसाचा ना धड वाद्याचा आवाज सरकत येतो. बाई पळतात, किंचाळतात, आणि त्या किंकाळीवरच पार्करचं गाणं धाडकन सुरू होतं. भीती खरी होती म्हणून त्या गाण्याला हसू येतं. आधीच कोणी गुदगुल्या केल्या असत्या तर ते फुकट गेलं असतं.

तो सरकता आवाज ऑंद मार्तनो या वाद्याचा. मॉरिस मार्तनो हा फ्रेंच चेलोवादक. पहिल्या महायुद्धात बिनतारी संदेशयंत्रावर होता. तिथल्या विजेच्या शिट्ट्या कानात घेऊन त्याने हे वाद्य केलं आणि १९२८मध्ये पॅरिसला लोकांसमोर मांडलं. दिसायला पेटीसारखी पट्टी, पण तिच्यासमोर एक तार ताणलेली असते. उजव्या हाताच्या बोटात तारेला जोडलेली अंगठी घालून हात सरकवला की सुरांची अखंड मींड निघते. खरी गंमत डाव्या हाताकडे असते. तिथे एक बारकी कळ आहे. ती दाबल्याशिवाय आवाजच नाही आणि जितकी खोल दाबावी तितका तो मोठा. त्यामुळे सूर शून्यातून उगवतो. गजाचा घासरा नाही, फुंकर नाही, हातोडीचा ठोका नाही. भुताला आणखी काय हवं?

या वाद्याचा मोठा मान असलेली मेसियांची 'तुरांगलीला' सिंफनी १९४९मध्ये बोस्टनला पहिल्यांदा वाजली, तेव्हा वाद्यवृंद चालवत होता लेनर्ड बर्नस्टाइन. आपल्या एल्मरशी त्याचं काही नातं नाही, पण योगायोग मजेदार आहे. एल्मरला या वाद्याचा नाद लागला १९८१च्या 'हेवी मेटल'पासून आणि तो आयुष्यभर सुटला नाही. 'घोस्टबस्टर्स'मध्ये ते वाजवलंय सिंथिया मिलरने.

मग विनोद अजिबातच नाही का? आहे, पण तो कोणाला दिलाय ते पाहा. पियानोवर डुलत, जरा लंगडत, तरी तोऱ्यात चालणारी मुख्य धून ही त्या तिघा प्राध्यापकांची आहे. विद्यापीठाने हाकललेले, घर गहाण टाकून भुतं पकडायचा धंदा काढणारे हे महाभाग. गोझर देवता अवतरते तेव्हा मात्र बर्नस्टीन पुन्हा 'टेन कमांडमेंट्स'चा बर्नस्टीन होतो. इमारतीएवढा मार्शमेलोचा बाहुला रस्त्यावरून चालत येतो तेव्हाही संगीत त्याला संकटच समजतं. बर्नस्टीनचा हिशेब मला असा दिसतो : माणसांना हवं तेवढं हसा, भुतांना हसायचं नाही.

सिनेमात हा हिशेब सगळीकडे ऐकू येत नाही, कारण बऱ्याच जागी गाणी आली. या तिघांच्या अड्ड्याच्या तळघरात पकडलेल्या भुतांची कोठी असते; तिची वीज तोडली जाते आणि भुतं छप्पर फोडून मॅनहॅटनभर पसरतात, त्या प्रसंगासाठी बर्नस्टीनने लिहिलेलं संगीत बाजूला ठेवून मिक स्मायलीचं 'मॅजिक' हे गाणं लावलं. गाणं वाईट नाही, त्याची धुंदी काही जणांना फार आवडते. पण त्याने भुतं सुंदर होतात. बर्नस्टीनच्या तुकड्यात ती सुटलेली असतात.

हे ताडून बघता आलं ते २००६मध्ये, व्हारेझ साराबांद या कंपनीने मर्यादित प्रतींची सीडी काढली तेव्हा. बर्नस्टीन २००४मध्येच गेला होता. २०१९मध्ये, सिनेमाच्या पस्तिसाव्या वर्षी, सोनीने ते संगीत पुन्हा काढलं आणि सगळ्यांच्या आवाक्यात आलं. ऐकायला घेतलंत तर मुख्य धुनेपाशी अडकू नका. डेनाच्या धुनेकडे जा. प्रेमाची सरळ, जुन्या वळणाची धून आहे. पण भुताने डेनाचा ताबा घेतल्यावरच्या तुकड्यांत ऑंद शिरतं आणि तंतुवाद्यांची मऊ फळी खालून ओली व्हावी तशी सुटू लागते. पडद्यावर त्याच वेळी तिघांतला एक, बिल मरे, एकामागून एक टोमणे मारत असतो, त्यामुळे हे कधी कानात शिरत नाही.

२०२१च्या 'घोस्टबस्टर्स : आफ्टरलाइफ'मध्ये रॉब सिमन्सनने याच धुनांवर आणि याच वाद्यावर भिस्त ठेवली. काम चोख आहे, फक्त आदर जरा जास्त झालाय.

पुढच्या आठवड्यात १९८८चा 'बीटलज्यूस'. तिथे डॅनी एल्फमनने बर्नस्टीनचा नियम पहिल्याच मिनिटाला मोडला. त्याचा वाद्यवृंद भुतांच्याही आधी खिदळायला लागतो, आणि तरीही सिनेमा कोसळत नाही. का, ते बघू.