गोदाकाठी आलेला शिकारी

अजिंठ्याच्या दुसऱ्या लेण्यात गाभाऱ्याच्या डावीकडे एक छोटा उपगाभारा आहे. छतावरच्या चित्रांत हरवलेली नजर तिकडे सहसा जात नाही. आत दोन धष्टपुष्ट यक्ष आहेत : शंखनिधी आणि पद्मनिधी. कुबेराच्या खजिन्याची ही रूपे. वेरूळला कैलास लेण्याच्या प्रवेशद्वारापाशीही हीच जोडी भेटते. समुद्र शेकडो किलोमीटर दूर, तरी इथल्या शिल्पकाराने संपत्ती दाखवायची म्हणून शंख कोरला. त्या काळी शंख किती मोलाचा होता, हे समजायला एवढे पुरे आहे.

देवघरातल्या या शंखाचे शास्त्रीय नाव टर्बिनेला पायरम. तो एका मांसाहारी गोगलगायीने स्वतःच्या अंगातून घडवलेला असतो. ही गोगलगाय वाळूच्या तळावर राहते आणि तिथे बिळे किंवा नळ्या करून राहणाऱ्या समुद्री कृमींची शिकार करते. लांब सोंड आत घालायची आणि भक्ष्य गिळायचे. जिवंत शंख पांढराशुभ्र नसतोच. त्यावर तपकिरी साल असते. ती खरवडली की आपल्या ओळखीचा चिनीमातीसारखा गुळगुळीत थर दिसतो.

मद्रासच्या मत्स्यखात्यातले जेम्स हॉर्नेल यांनी 1914 मध्ये या एकाच प्राण्यावर ग्रंथ लिहिला. शंखाची मादी मेंढ्याच्या शिंगासारखी पीळदार, कप्प्याकप्प्यांची अंडपेटी वाळूत रोवते. पिल्ले त्यातून रांगतच बाहेर पडतात. लाटांवर तरंगत दूर जाण्याची अवस्थाच या प्राण्याच्या आयुष्यात नाही. त्यामुळे शंखाची वस्ती ठरावीक किनाऱ्यांना धरून राहते. कच्छचे आखात आणि सौराष्ट्र हा एक मोठा पट्टा, मन्नारच्या आखाताभोवतीचा तमिळनाडू आणि श्रीलंकेचा किनारा हा दुसरा.

मग तो मराठवाड्यात आणि आसपास आला कसा? मुख्यतः बांगडी होऊन. पैठण, नेवासे, तेर, भोकरदन या सातवाहनकालीन वस्त्यांच्या थरांत शंखाच्या बांगड्यांचे तुकडे सापडतात. प्राचीन भोगवर्धन म्हणजे आजचे भोकरदन. तिथे 1973 मध्ये नागपूर आणि मराठवाडा विद्यापीठांनी मिळून उत्खनन केले, तेव्हा हे गाव औरंगाबाद जिल्ह्यातच होते. मराठवाडा विद्यापीठाच्या इतिहास संग्रहालयात पैठण आणि भोकरदनच्या उत्खननांतल्या वस्तू जपून ठेवल्या आहेत. परिसरातल्या प्रत्येक शाळेने मुलांना एकदा तरी तिथे न्यावे, असे मला मनापासून वाटते.

बांगडी करणे सोपे नव्हते. आधी शंखाचे टोक फोडायचे, आतल्या वेटोळ्यांच्या भिंती ठोकून काढायच्या आणि मधला दांडा मोकळा करायचा. मग उरलेल्या जाड पोकळ अंगावर आडवी करवत चालवायची. एका शंखातून मोजकीच कडी निघत. कडे दगडावर घासून आतून-बाहेरून गुळगुळीत करावे लागे. शंखाचे वेटोळे मुळात पूर्ण गोल नसते. एक वळण दुसऱ्याला मिळते तिथे खाच राहते. हडप्पा काळातले कारागीर नेमक्या त्या खाचेवर कोनाकृती नक्षी कोरत, त्यामुळे जोड हीच शोभा होई. द्वारकेजवळच्या नागेश्वरला त्यांची अशी कार्यशाळाच उजेडात आली आहे.

उत्खननात बांगडीपेक्षा टाकाऊ तुकडा जास्त बोलतो. नुसत्या तयार बांगड्या सापडल्या तर माल बाहेरून आला असावा. मधले दांडे आणि करवतीच्या खुणा असलेले तुकडे मिळाले, तर कारागीर गावातच बसला होता. भडोच ते पैठण वीस दिवसांची वाट आणि तिथून पूर्वेला तेर दहा दिवसांवर, असे इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या ‘पेरिप्लस’ या ग्रीक प्रवासग्रंथात लिहिले आहे. सौराष्ट्राचा शंख याच वाटेने बैलगाडीत चढून गोदावरीकाठी आला असावा, असा माझा तर्क आहे.

आज मात्र शंखाच्या नावाने लोक फसतात, आणि ते पाहून राग येतो. बहुतेक सर्व शंखांचे वेटोळे एकाच दिशेने वळते. निमुळती नळी वर आणि तोंड आपल्याकडे धरले की ते डाव्या बाजूला उघडते. हा वामावर्ती. उजवीकडे उघडणारा दक्षिणावर्ती अत्यंत दुर्मीळ, म्हणून त्याची किंमत अफाट आणि त्याच्या लोभापायी नकलीचा धंदाही जोरात. अमेरिकेच्या आग्नेय किनाऱ्यावर आणि मेक्सिकोच्या आखातात बुसिकॉन नावाची दुसरी शिकारी गोगलगाय आहे. ती शिंपल्यांवर जगते आणि तिचे कवच स्वभावतःच उलट्या दिशेने वळलेले असते. तिथे ते इतके नित्याचे आहे की 1987 मध्ये टेक्सासने त्याला राज्याचे मानचिन्ह केले. तेच कवच आपल्याकडे दक्षिणावर्ती म्हणून विकले जाते.

ओळख सोपी आहे. शंखाच्या तोंडातून आत, मधल्या दांड्यावर बोट फिरवा. खऱ्या शंखाच्या दांड्यावर तीन-चार ठळक कंगोरे लागतात. बुसिकॉनचा दांडा सपाट असतो, शिवाय कवच पातळ आणि हाताला हलके. दुकानदाराने आत बोट घालू दिले नाही, तर तिथून सरळ निघावे.