टाइम ऑफिसच्या खिडकीत

पावणेसात वाजलेत. भाद्रपदातला पाऊस आत्ताच उघडलाय. ठाण्यातल्या वागळे इस्टेटमधल्या एका बंद कंपनीच्या गेटपाशी मी उभी आहे. गेटच्या डाव्या हाताला टाइम ऑफिस. खिडकीची काच कधीच गेली, गज तेवढे राहिलेत. आतल्या भिंतीवर हजेरीकार्डांचा पत्र्याचा खण अजून टांगलेला आहे, रिकामा. बाबांचं कार्ड त्यातल्याच एका कप्प्यात असायचं. पहिली पाळी, दुसरी पाळी, रात्रपाळी. आमचं घरातलं जेवण, झोप, सणवार, सगळं त्या कार्डावरच्या ठशांवर चालायचं.

"ताई, आली बघा," वॉचमनकाका हळूच म्हणतात.

वरच्या गजाआडून ती बाहेर येते. कोळ्याची मादी. तपकिरी, पायांवर फिकट पट्टे, अंग माझ्या करंगळीच्या नखाएवढं. निओस्कोना जातीतली असावी, आपल्याकडे बागांतून, कुंपणांतून सर्रास दिसणारी. पोट उचलून ती एक धागा वाऱ्यावर सोडून देते आणि थांबते. भिंतीत उगवलेल्या पिंपळाच्या फांदीला तो चिकटतो. ती ओढून पाहते, त्यावरून पलीकडे जाते, परत येते. मग मधोमध खाली उतरून ताण देते, आणि हवेत इंग्रजी वाय अक्षर तयार.

आता आरे. मधून काठाकडे, काठाकडून मधे. मी मोजतेय: सोळा, सतरा, अठरा, एकोणीस. मोबाइलचा उजेड तिरका धरला की तेवढ्यापुरता धागा दिसतो.

महाभारताच्या आदिपर्वात उत्तंक नावाचा शिष्य अशाच आऱ्यांपाशी येऊन उभा राहतो. तक्षक नागाने पळवलेली कुंडलं शोधत तो नागलोकात उतरलेला असतो. तिथे दोन स्त्रिया मागावर काळ्या-पांढऱ्या धाग्यांचं वस्त्र विणताहेत आणि बारा आऱ्यांचं चाक सहा कुमार फिरवताहेत. गुरू त्याला नंतर उलगडून सांगतात: त्या दोघी धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्र आणि दिवस, कुमार म्हणजे ऋतू, चाक म्हणजे संवत्सर. काळ विणणारे कोणीतरी असतात, ही कल्पना आपल्याकडे इतकी जुनी आहे. मला मात्र लहानपणापासून एक खटकतं. त्या दोघी नुसत्या विणत राहतात. विरलेलं, फाटलेलं कोण सांधतं, ते उत्तंक विचारतच नाही.

ती मधून बाहेरच्या बाजूला सैलसर फेरे घालतेय. हे कोरडे धागे, बांधकामाच्या परांचीसारखे, कामापुरते. काठाला पोचताच ती उलटी फिरते आणि आता चिकट धाग्याचा खरा फेरा सुरू होतो, काठाकडून आत. मागचा पाय धागा ओढतो, आऱ्याला टेकवतो, सुटतो. ओढणं, टेकवणं, सुटणं. पुढे जाता जाता परांचीचा धागा तोडतही जाते. डोळ्यांचा या कामात जवळजवळ काही उपयोग नाही. अंतर पायांनी मोजायचं. तरीही दोन धाग्यांमधली जागा फेऱ्यामागून फेरे जवळपास सारखीच राहतेय, आणि मी ती श्वास रोखून बघतेय.

आणि वेळ? अमेरिकेत सायक्लोसा नावाच्या कोळ्यावर एक अभ्यास झालाय. सतत अंधारात ठेवलं की त्याच्या शरीरातलं घड्याळ सुमारे साडेअठरा तासांचाच दिवस धरून चालतं. बाहेर उजेड-अंधार असला की तोच जीव चोवीस तासांत नीट बसतो. म्हणजे रोज साडेपाच तासांचं ठिगळ तो आपल्या काळाला लावतो. रात्रपाळी करून आलेले बाबा खिडकीला चादर बांधून झोपायचे, ते मला इथे आठवतं.

पिंपळाचं एक वाळलं पान जाळ्यात पडतं. ती धावत जाते, भोवतालचे धागे तोडते, पान खाली सोडते. तळहाताच्या खळग्याएवढं भोक पडलंय. दोन आडवे धागे ओढून ते आवळते आणि मधे परत येऊन बसते.

"एवढंच?" मी विचारते.

"आजच्यापुरतं झालं की," काका म्हणतात. "पहाटे साडेचारला या. सगळं गुंडाळून खाऊन टाकते. एक धागा ठेवत नाही."

ते खरंच आहे. चक्राकार जाळं विणणारे बरेच कोळी जुनं जाळं खातात आणि त्यातल्या प्रथिनांचाच पुन्हा धागा करतात. या भोकाच्या काठचा रेशीमतंतू कालच्या जाळ्यातही असेल, परवाच्याही.

गेटबाहेरही जुन्याचं नवं झालंय. 1 ऑगस्ट 1962 ला एमआयडीसी, म्हणजे महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ, स्थापन झाली. वागळे इस्टेट तिची पहिली औद्योगिक वसाहत. रस्त्यापलीकडे आता आयटी पार्कच्या काचा आहेत. तिथल्या पोरापोरींचा लोंढा चहाच्या टपरीकडे चाललाय, गळ्यात ओळखपत्रं.

अंधार पडलाय. गेटच्या ट्यूबचं बटण टाइम ऑफिसच्या आत, खिडकीतून हात घातला की सापडेल असं. काका खिडकीकडे जात नाहीत. "थांबा हं ताई," म्हणतात आणि चिखलातून वळसा घालून मागच्या दाराला जातात. कुलूप, कडी, आत खोकण्याचा आवाज. ट्यूब दोनदा फडफडते आणि लागते.

जाळं एकदम सगळं दिसतं, एकोणीस आरे, भोक, दोन आडवे धागे. मागे कार्डांचा खण. पहिला पतंग ट्यूबकडे निघालाय.