शंकरराव चव्हाण : लोकप्रतिनिधी आणि गोदावरीचे पाणी

कै. शंकरराव भाऊराव चव्हाण यांचा जन्म १४ जुलै १९२० रोजी गोदाकाठच्या पैठण येथे झाला. त्यांची कर्मभूमी मात्र त्याच नदीच्या खालच्या अंगास वसलेले नांदेड ही होय. उस्मानिया विद्यापीठातून कायद्याची पदवी घेतल्यानंतर ते स्वामी रामानंद तीर्थ यांच्या नेतृत्वाखालील हैदराबाद मुक्तिसंग्रामात सहभागी झाले. पुढे नांदेड नगरपालिकेचे अध्यक्ष, आमदार, राज्याचे मंत्री आणि १९७५ ते १९७७ व १९८६ ते १९८८ असे दोन वेळा मुख्यमंत्री, या क्रमाने त्यांची कारकीर्द विस्तारत गेली.

पाण्याचा वारसा

१७ सप्टेंबर १९४८ रोजी मराठवाडा निजामी राजवटीतून मुक्त झाला, तेव्हा येथील शेती जवळजवळ सर्वस्वी पावसावर विसंबून होती. लातूर परिसरातून वाहणाऱ्या मांजरा नदीवर निजामाच्या काळात निजामसागर हे मोठे धरण झाले. परंतु ते नदीच्या खालच्या भागात, तेलंगणात असल्याने त्याचा लाभ मराठवाड्यास झाला नाही. १९६० नंतरच्या दशकात पाटबंधारे खात्याची सूत्रे सांभाळताना शंकररावांनी ही उणीव दूर करण्यावर भर दिला.

जायकवाडी आणि विष्णुपुरी

बीड जिल्ह्यातील जायकवाडी या गावी धरण बांधण्याची कल्पना हैदराबाद राज्याच्या काळातच पुढे आली होती. पुढे पैठणची जागा निश्चित झाली, नाव मात्र जुनेच राहिले. १८ ऑक्टोबर १९६५ रोजी पंतप्रधान लालबहादूर शास्त्री यांच्या हस्ते पायाभरणी झाली आणि २४ फेब्रुवारी १९७६ रोजी पंतप्रधान श्रीमती इंदिरा गांधी यांच्या हस्ते उद्घाटन. त्या वेळी शंकरराव मुख्यमंत्री होते. सुमारे दहा किलोमीटर लांबीच्या या मातीच्या धरणापासून २०८ किलोमीटरचा डावा व १३२ किलोमीटरचा उजवा कालवा निघतो. या लाभाची किंमतही मोठी होती. पैठण, गंगापूर, नेवासे व शेवगाव या तालुक्यांतील सुपीक जमिनी पाण्याखाली गेल्या आणि अनेक कुटुंबांना गाव सोडावे लागले.

त्यांच्याच कारकिर्दीत ६ ऑक्टोबर १९७५ रोजी महाराष्ट्र व आंध्र प्रदेश यांच्यात करार झाला. पैठणपर्यंतचे गोदावरीचे आणि सिद्धेश्वरपर्यंतचे पूर्णेचे सर्व पाणी वापरण्याचा महाराष्ट्राचा अधिकार त्याने मान्य झाला. त्याखालील टप्प्यात नव्या प्रकल्पांसाठी ६० अब्ज घनफूट पाणी मिळाले. नांदेडनजीकचा विष्णुपुरी उपसा सिंचन प्रकल्प याच टप्प्यात येतो. त्याचा जलाशय 'शंकरसागर' या नावाने ओळखला जातो आणि नांदेड शहराची तहानही भागवतो.

शिस्तीचे प्रशासक

करड्या शिस्तीमुळे त्यांना 'हेडमास्तर' म्हटले जाई. 'सचिवालया'चे 'मंत्रालय' हे नामांतर १९७५ मध्ये त्यांनीच केले. प्रत्येक खर्चाची गरज नव्याने सिद्ध करण्यास लावणारी शून्याधारित अर्थसंकल्पाची पद्धतही १९८६ मध्ये त्यांच्याच शासनाने स्वीकारली. केंद्रात त्यांनी गृह व अर्थ ही खाती सांभाळली. २६ फेब्रुवारी २००४ रोजी त्यांचे निधन झाले.

अपुरे राहिलेले कार्य

धरण बांधल्याने पाण्याचा प्रश्न संपत नाही, हे पुढील काळाने दाखवून दिले. वरच्या भागात नाशिक व अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) जिल्ह्यांत धरणे असल्याने टंचाईच्या वर्षी जायकवाडीत पुरेसे पाणी येत नसे. म्हणून २००५ च्या जलसंपत्ती नियमन प्राधिकरण अधिनियमाने समन्यायी वाटपाचे तत्त्व स्वीकारले. जायकवाडीचा साठा १५ ऑक्टोबरपर्यंत ६५ टक्क्यांहून कमी असल्यास वरच्या धरणांतून पाणी सोडावे, असे प्राधिकरणाच्या २०१४ च्या आदेशाने ठरविले. मांजरा खोऱ्यातील लातूरला तर जायकवाडीच्या कालव्यांचा लाभ नाही. मांजरा धरण आटल्याने एप्रिल २०१६ मध्ये त्या शहरास मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले.

नदीचे पाणी अडविण्याचा निर्णय विधिमंडळात व मंत्रिमंडळात होतो. ते शेवटच्या शेतापर्यंत न्यायाने पोहोचविण्याचे काम गावातच करावे लागते. २००५ च्याच दुसऱ्या एका कायद्याने सिंचनाचे व्यवस्थापन पाणीवापर संस्थांमार्फत शेतकऱ्यांकडे देण्याची तरतूद केली आहे. कालव्याच्या शेपटाकडील शेतकऱ्यास त्याच्या पाळीचे पाणी मिळवून देणे, हीच या कार्याची पुढची पायरी होय.