मौनाचे फर्मान

इ. स. 648 मध्ये बायझंटाईन सम्राट कॉन्स्टन्स दुसरा याच्या नावाने निघालेले ‘टायपोस’ हे फर्मान धार्मिक कायद्यांच्या इतिहासात वेगळे उठून दिसते, कारण कोणते मत खरे आणि कोणते खोटे याचा निवाडा त्यात केलेलाच नव्हता. ख्रिस्ताच्या ठायी एक इच्छा होती की दोन, हा प्रश्न यापुढे कोणीही काढू नये, एवढेच त्यात बजावलेले होते. हुकूम मोडणारा बिशप किंवा पाद्री असल्यास त्याचे पद जाणार होते, मठवासी असल्यास त्याला बहिष्कृत करून मठाबाहेर काढले जाणार होते, सरकारी अधिकाऱ्याला अधिकार गमवावा लागणार होता, प्रतिष्ठित गृहस्थाची मालमत्ता जप्त होणार होती आणि सामान्य माणसाच्या वाट्याला फटके व कायमची हद्दपारी येणार होती. ज्या साम्राज्याने दोन शतके धर्मातील शब्दांवरून परिषदा भरवल्या आणि माणसे वनवासाला धाडली, त्याच साम्राज्याला अखेर त्या शब्दांचा उच्चारच गुन्हा ठरवावा लागला. या फर्मानानंतरच्या पंधरा वर्षांत एक पोप हद्दपारीत मेला आणि त्या युगातील सर्वांत समर्थ ग्रीक तत्त्वचिंतकाची जीभ कापली गेली.

वादाचे मूळ 451 साली खाल्किदोन येथे भरलेल्या धर्मपरिषदेत होते. धर्मपरिषद म्हणजे साम्राज्यभरातील बिशपांची, सम्राटाने बोलावलेली सभा. तिचा निर्णय सर्व चर्चवर बंधनकारक मानला जाई. ख्रिस्त ही एकच व्यक्ती आहे, परंतु तिच्या ठायी दैवी आणि मानवी अशा दोन प्रकृती, एकमेकींत न मिसळता आणि एकमेकींपासून न तुटता, नांदतात, असा सिद्धान्त या परिषदेने मांडला. रोम आणि कॉन्स्टंटिनोपल यांनी तो स्वीकारला. इजिप्त आणि सीरियातील बहुसंख्य ख्रिस्ती जनतेला मात्र त्यात एका ख्रिस्ताचे दोन तुकडे केल्यासारखे वाटले, आणि अवतारानंतर प्रकृती एकच, या आपल्या जुन्या भाषेला ती चिकटून राहिली. पर्शियातील चर्च तर त्याआधीच्या, 431 च्या एफेससच्या परिषदेपासूनच या प्रवाहाबाहेर गेले होते. सहाव्या शतकातील ग्रीक प्रवासी कॉस्मास याने पश्चिम भारतातील ‘कल्लिआना’ येथे ज्या बिशपाची नोंद केली आहे तो याच पर्शियन चर्चने नेमलेला होता, आणि अनेक अभ्यासक ते ठिकाण म्हणजे आजचे कल्याण असे मानतात.

इजिप्त हे राजधानीचे धान्याचे कोठार आणि सीरिया ही पूर्वेची सीमा असल्यामुळे तेथील असंतोष कोणत्याही सम्राटाला परवडणारा नव्हता. 482 मध्ये सम्राट झेनो याने दोन्ही पक्षांना पटेल असे एक संदिग्ध ऐक्यपत्र काढून पाहिले, तेव्हा पूर्वेकडचे पुरते समाधान झाले नाहीच, उलट रोमने कॉन्स्टंटिनोपलशी 35 वर्षे संबंध तोडले. या अनुभवातून घ्यायचा धडा पुढच्या राज्यकर्त्यांनी नेमका उलटा घेतला: सूत्र चुकले, तेव्हा अधिक चांगले सूत्र शोधले पाहिजे.

ते शोधण्याचे काम सातव्या शतकात सेर्जियस या पॅट्रिआर्कने अंगावर घेतले. पॅट्रिआर्क म्हणजे रोम, कॉन्स्टंटिनोपल, अलेक्झांड्रिया, अँटिऑक आणि जेरुसलेम या पाच प्रमुख धर्मपीठांपैकी एखाद्याचा अधिपती. रोमच्या पीठाधिपतीला पोप म्हणत. सेर्जियस 610 साली कॉन्स्टंटिनोपलच्या पीठावर आला आणि त्याच वर्षी त्याच्याच हातून हेराक्लियसचा राज्याभिषेक झाला. पुढील अठरा वर्षे पर्शियाशी चाललेल्या युद्धात हा धर्मगुरू सम्राटाचा खरा भागीदार होता. पर्शियनांनी 614 मध्ये जेरुसलेम जिंकून पवित्र क्रूस पळवला, पाठोपाठ इजिप्तही घेतला. खजिना रिकामा पडला तेव्हा सेर्जियसने चर्चची सोन्याचांदीची पात्रे नाणी पाडण्यासाठी देऊन टाकली. 626 मध्ये हेराक्लियस दूर मोहिमेवर असताना एका बाजूने अवार आणि दुसऱ्या बाजूने पर्शियन सैन्य राजधानीवर चालून आले, तेव्हा तटावरून पवित्र प्रतिमा मिरवत नगराचा धीर टिकवणारा माणूसही हाच होता. नंतरच्या काळात त्याच्यावर पाखंडी म्हणून शिक्का बसला आणि बहुतेक ग्रंथांत तो त्याच ओळखीने येतो. पण त्याच्या सूत्रामागे कावेबाजपणापेक्षा युद्धकाळातील राजनीतिज्ञाची निकड अधिक होती, हे नाकारता येत नाही.

युद्ध जिंकल्यावर परत मिळालेले प्रांत मनानेही परत मिळवायचे होते. प्रकृती दोन असल्या तरी ख्रिस्ताच्या सर्व कृतींमागे क्रियाशक्ती एकच आहे, असे सेर्जियसचे सूत्र होते. खाल्किदोनचे शब्द त्यात शाबूत राहत आणि विरोधकांना हवे असलेले एकत्वही मिळे. फासिसचा बिशप सायरस याला 631 मध्ये अलेक्झांड्रियाचा पॅट्रिआर्क नेमण्यात आले आणि जून 633 मध्ये त्याने तेथील एका गटाशी नऊ कलमांचा समझोताही केला. तो खऱ्या अर्थाने रुजला मात्र नाही. कॉप्टिक, म्हणजे इजिप्तच्या देशी ख्रिस्ती, जनतेचा स्वतःचा पॅट्रिआर्क बेंजामिन भूमिगत झाला, आणि प्रांताची दिवाणी सत्ताही हाती असलेल्या सायरसने समजुतीऐवजी छळाचा मार्ग धरला. कॉप्टिक परंपरेत त्याचे नाव आजही छळकर्ता म्हणूनच घेतले जाते.

समझोत्याला पहिला ठोस विरोध खाल्किदोनच्याच अनुयायांकडून झाला. दमास्कसचा विद्वान मठवासी सोफ्रोनियस याने आक्षेप घेतला, की क्रियाशक्ती ही प्रकृतीबरोबर येते; ती एकच म्हटली तर प्रकृतीही एकच म्हणावी लागेल. सेर्जियसने लगेच माघार घेऊन ‘एक’ आणि ‘दोन’ दोन्ही शब्द टाळावेत असा निर्देश काढला आणि रोमचा पोप होनोरियस याला पत्र लिहिले. होनोरियसला हा वाद व्याकरणपंडितांचा वाटला. शब्दांचा काथ्याकूट नको, असे सांगता सांगता त्याने ख्रिस्ताच्या एका इच्छेचा उल्लेख करून टाकला. प्रश्न फारसा खोलात न पाहता लिहिलेल्या त्या उत्तराने वादाला पुढचा विषय पुरवला. 638 मध्ये हेराक्लियसच्या सहीने ‘एक्थेसिस’ हे श्रद्धापत्र हागिया सोफिया चर्चच्या प्रवेशदालनात लावण्यात आले. त्यात क्रियाशक्तीची चर्चा बंद करून इच्छा मात्र एकच असल्याचे जाहीर केले होते.

तोपर्यंत ज्यांच्यासाठी हा खटाटोप होता ते प्रांतच हातचे निसटू लागले होते. 636 मध्ये यर्मूक नदीकाठी बायझंटाईन सैन्याचा अरबांनी पराभव केला आणि सीरिया गेला. जेरुसलेमचा पॅट्रिआर्क झालेल्या सोफ्रोनियसवरच ते नगर खलीफा उमर याच्या स्वाधीन करण्याची वेळ आली. 641 मध्ये अलेक्झांड्रिया सोडून देण्याचा तह सायरसने केला, आणि बेंजामिन अरबांच्या राज्यात उघडपणे आपल्या पीठावर परतला. राजकीय कारण संपले तरी धोरण संपले नाही, कारण एव्हाना ते सिंहासनाच्या प्रतिष्ठेचा प्रश्न बनले होते.

एक इच्छा की दोन, हा प्रश्न आजच्या वाचकाला शब्दांचा कीस काढण्याचा प्रकार वाटू शकतो. त्या काळच्या माणसांना तो मुक्तीचा प्रश्न वाटत होता, आणि तो तसा का वाटला हे दोन इच्छांचा कैवारी तत्त्वचिंतक मॅक्सिमस याच्या लेखनातून समजते. मॅक्सिमसचा जन्म 580 च्या सुमाराचा. त्याच्या अनुयायांच्या परंपरेनुसार तो राजधानीतील खानदानी घराण्यातला आणि हेराक्लियसच्या दरबारातील सचिव होता, तर विरोधकांनी सीरियाक भाषेत लिहिलेल्या चरित्रानुसार तो पॅलेस्टाईनमधील एका शोमरोनी माणसाचा आणि पर्शियन दासीचा मुलगा होता. पक्षभेद जन्मकथेपर्यंत पोहोचला होता. मॅक्सिमसच्या मते मानवाचे पतन इच्छेतून झाले, तेव्हा बरी व्हायची तीही इच्छाच. ख्रिस्ताने मानवी देह घेतला पण मानवी इच्छा घेतली नाही असे म्हटले, तर माणसाचा नेमका रोगट भाग उपचाराविना राहतो. गेथशेमानेच्या बागेत मरणाला बिचकणारी आणि तरीही पित्याच्या इच्छेला होकार देणारी प्रार्थना ख्रिस्ताने केली, ती खऱ्याखुऱ्या मानवी इच्छेवाचून अर्थहीन ठरते. दोन इच्छा मानल्या तर त्यांच्यात झगडा मानावा लागेल, ही सेर्जियसची भीती होती. त्यावर मॅक्सिमसने एक बारीक भेद पुढे केला: जगावेसे वाटणे, वेदनेपासून मागे सरणे ही प्रकृतीतूनच येणारी इच्छा वेगळी, आणि अज्ञानामुळे हे करू की ते करू असे चाचपडणारी इच्छा वेगळी. ख्रिस्ताच्या ठायी पहिली आहे, दुसरी नाही. म्हणून दोन इच्छा असूनही संघर्ष नाही. सेर्जियसच्या पक्षाला या भेदाचे समाधानकारक उत्तर अखेरपर्यंत देता आले नाही.

सेर्जियसचा वारस पायरस हा हेराक्लियसनंतरच्या वारसाहक्काच्या राजकारणात सापडून 641 मध्ये पद सोडून आफ्रिकेत गेला होता. 645 च्या जुलैत, बहुधा कार्थेज येथे, प्रांताधिकारी ग्रेगरी याच्यासमोर मॅक्सिमसशी त्याचा जाहीर वाद झाला. तो हरला, रोमला जाऊन त्याने आपले मत सोडले आणि थोड्याच काळात राव्हेन्ना येथे ते पुन्हा धरले. ग्रेगरीने पुढे सम्राटाविरुद्ध बंड केले आणि 647 मध्ये अरबांशी लढताना तो मारला गेला. धर्ममताचा विरोध आणि राजद्रोह यांची दरबाराच्या मनात जी गाठ पडली ती या घटनेमुळे अधिकच घट्ट झाली असली पाहिजे. पुढच्याच वर्षी, पॅट्रिआर्क पॉल याच्या सल्ल्याने, ‘टायपोस’ निघाले.

रोमने मौन पाळण्याचे नाकारले. 649 च्या जुलैत मार्टिन हा सम्राटाच्या मंजुरीची वाट न पाहता पोप झाला आणि ऑक्टोबरमध्ये त्याने लॅटरन प्रासादात 105 बिशपांची परिषद भरवून ‘एक्थेसिस’ आणि ‘टायपोस’ या दोहोंना दोषी ठरवले. या परिषदेचा वैचारिक पाया मॅक्सिमस आणि पूर्वेकडून आश्रयाला आलेले ग्रीक मठवासी यांनी रचला होता, आणि तिच्या कामकाजाची ग्रीक संहिता बऱ्याच अंशी आधीच तयार होती असे आधुनिक संशोधन सांगते. सत्य आणि असत्य दोघांनाही एकाच हुकमाने गप्प बसवणे म्हणजे असत्यालाच मोकळीक देणे, असा मार्टिनच्या पक्षाचा दावा होता.

मार्टिनला पकडण्यासाठी पाठवलेला इटलीचा प्रांताधिकारी ऑलिंपियस स्वतःच बंडखोर झाला आणि 652 मध्ये सिसिलीत मेला. त्याच्यानंतर आलेल्या थिओडोर कॅलिओपासने जून 653 मध्ये लॅटरन चर्चमध्ये शिरून, आजारी अवस्थेत वेदीसमोर खाटेवर पडलेल्या पोपला उचलून नेले. कॉन्स्टंटिनोपलमधील खटल्यात आरोप राजद्रोहाचा ठेवण्यात आला: ऑलिंपियसला साथ, अरबांशी संधान. मार्टिनने ‘टायपोस’चा विषय काढताच, श्रद्धेची गोष्ट येथे आणू नये, असे त्याला सुनावण्यात आले. यात एक थंड डोक्याची कायदेशीर चतुराई होती. धर्ममतासाठी शिक्षा केली असती तर हुतात्मा निर्माण झाला असता, राजद्रोहासाठी केली की फक्त गुन्हेगार उरतो. पोपची वस्त्रे जाहीरपणे उतरवून गळ्यात साखळी घालण्यात आली. मृत्यूशय्येवर असलेल्या पॅट्रिआर्क पॉलने रदबदली केली म्हणून देहान्ताची शिक्षा हद्दपारीवर आली, ही गोष्ट त्याच्या विरोधकांनीच नोंदवून ठेवली आहे. क्रिमियातील खेरसोन येथे 655 च्या सप्टेंबरात मार्टिन मरण पावला. तेथून त्याने लिहिलेल्या पत्रांत भाकरीच्या टंचाईची आणि विसरून गेलेल्या रोमन मित्रांची तक्रार आहे. रोमने तो जिवंत असतानाच दुसरा पोप निवडला होता.

मॅक्सिमसवरचा खटला 655 मध्ये चालला. इजिप्त आणि आफ्रिका त्याच्यामुळे अरबांच्या हाती गेले, असा आरोप तर होताच. शिवाय ग्रेगरीच्या विजयाची घोषणा करणारे देवदूत त्याने स्वप्नात पाहिले, असाही पुरावा सादर झाला. स्वप्न इच्छेच्या अधीन नसते आणि कायदा इच्छापूर्वक केलेल्या कृत्यालाच शिक्षा करतो, या आशयाचे उत्तर त्याने दिले. खरा कळीचा प्रश्न वेगळा होता: सम्राट हा धर्मगुरूही असतो का? मॅक्सिमसने नकार दिला. श्रद्धेची व्याख्या करणे हे धर्मगुरूंचे काम, वेदीवरचे विधी सम्राट करत नाही, आणि प्रार्थनेत त्याचे नाव सामान्य जनांबरोबरच घेतले जाते. हे विधान देहान्ताच्या शिक्षेला पुरेसे होते, तरी दरबार सात वर्षे त्याचे मन वळवू पाहत होता, कारण त्याच्या होकाराची किंमत त्याच्या मृत्यूपेक्षा जास्त होती. 662 मध्ये तो नाद सोडून देण्यात आला. त्याची जीभ आणि लिहिता उजवा हात छाटून त्याला लाझिका, म्हणजे आजच्या पश्चिम जॉर्जियात, धाडण्यात आले, आणि त्याच वर्षी 13 ऑगस्टला तो मरण पावला.

कॉन्स्टन्सचा 668 मध्ये सिराक्यूजच्या स्नानगृहात खून झाला. त्याचा मुलगा कॉन्स्टंटाईन चौथा याला मौनाच्या धोरणातून मिळवण्यासारखे काहीच उरले नव्हते. इजिप्त आणि सीरिया परत येणार नव्हते, रोमशी वैर मात्र महागात पडत होते. त्याने बोलावलेली सहावी सार्वत्रिक धर्मपरिषद नोव्हेंबर 680 पासून सप्टेंबर 681 पर्यंत राजवाड्याच्या घुमटदालनात 18 बैठकांत चालली. जुने ग्रंथ मूळ प्रतींशी ताडून पाहिले गेले आणि पाचव्या परिषदेच्या इतिवृत्तात नंतर घुसडलेली पत्रे पकडली गेली. पॉलिक्रोनियस नावाच्या मठवाशाने तर एका इच्छेचे श्रद्धापत्र प्रेतावर ठेवून मेलेल्याला उठवून दाखवण्याची परवानगी मिळवली. कित्येक तास प्रेताच्या कानाशी कुजबुजूनही काही घडले नाही, तेव्हा त्याचे पद काढून घेण्यात आले. दोन इच्छांचा सिद्धान्त मान्य झाला आणि सेर्जियस, सायरस, पायरस, पॉल यांच्याबरोबर पोप होनोरियसलाही दोषी ठरवण्यात आले. हेराक्लियस आणि कॉन्स्टन्स यांची नावे त्या यादीत नव्हती. फर्मानांचा दोष धर्मगुरूंवर टाकून सिंहासन निर्मळ ठेवण्यात आले. मॅक्सिमसचा सिद्धान्त स्वीकारणाऱ्या निर्णयपत्रात मॅक्सिमसचे नावही नव्हते.

वाद तरीही आणखी एकदा उसळला. 711 मध्ये सत्तेवर आलेल्या फिलिपिकस बार्डानेस याने राजवाड्यातील सहाव्या परिषदेचे चित्र काढून टाकले आणि एका इच्छेचे मत पुन्हा लादले. 713 मध्ये त्याला आंधळे करून पदच्युत केल्यावर पॅट्रिआर्क जॉन सहावा याने रोमला पत्र लिहून, आपण केले ते मोठे नुकसान टाळण्यासाठी केलेली तडजोड होती, असा खुलासा केला. त्या दोन वर्षांत मान तुकवलेल्या बिशपांत सायझिकसचा जर्मानोस हाही होता. तो 715 मध्ये कॉन्स्टंटिनोपलचा पॅट्रिआर्क झाला, आणि पवित्र प्रतिमांच्या पूजेवर बंदी घालणाऱ्या सम्राट लिओ तिसरा याच्या आज्ञेला संमती देण्याऐवजी 730 मध्ये त्याने ते पद सोडून दिले.