अवकलनाचे नियम आणि त्यांची मर्यादा

गणिताचा अभ्यास करताना अनेक विद्यार्थी अवकलनाचे नियम तोंडपाठ करतात. परंतु नियम कोठून आला आणि तो केव्हा लागू पडतो, हे न समजल्यामुळे उदाहरण थोडे बदलले की त्यांचा गोंधळ उडतो. म्हणून नियमामागील विचार समजून घेणे आवश्यक असते.

एखादी राशी बदलली असता तिच्यावर अवलंबून असणारी दुसरी राशी त्या क्षणी कोणत्या दराने बदलते, हे अवकलज सांगतो. क्ष बाजू असलेल्या चौरसाचे क्षेत्रफळ क्ष² असते. बाजू ह इतकी वाढवली, तर क्षेत्रफळातील वाढ २क्षह + ह² इतकी होते. या वाढीला ह ने भागल्यास २क्ष + ह मिळतात. ह शून्याच्या जवळ जवळ नेत गेल्यास ही राशी २क्ष या सीमेकडे जाते. म्हणून क्ष² चा अवकलज २क्ष होय. याच रीतीने क्ष³ चा अवकलज ३क्ष² येतो. घातांक पुढे गुणक म्हणून घ्यावा आणि घात एकाने कमी करावा, हा नियम येथूनच निघाला आहे.

गुणाकाराच्या बाबतीत हमखास चूक होते. दोन फलनांच्या गुणाकाराचा अवकलज म्हणजे त्यांच्या अवकलजांचा गुणाकार, असे नवशिक्याला वाटते. जर्मन गणिती लायब्निझ यांनाही १६७५ साली हाच प्रश्न पडला होता. काही दिवसांतच त्यांनी योग्य नियम शोधला आणि १६८४ साली अवकलनाचे नियम प्रसिद्ध केले. आकडे घालून पाहिले की चूक लगेच उघड होते. क्ष² आणि क्ष³ यांचा गुणाकार क्ष⁵ असून त्याचा अवकलज ५क्ष⁴ आहे. अवकलजांचा गुणाकार मात्र ६क्ष³ येतो. क्ष = १ घेतल्यास एकीकडे ५, तर दुसरीकडे ६ मिळतात.

योग्य नियम आयताकृती शेतावरून समजतो. शेताची लांबी व रुंदी किंचित वाढली, तर दोन बाजूंना दोन पट्ट्या आणि कोपऱ्यात एक अगदी लहान तुकडा वाढतो. वाढ शून्याकडे नेली असता कोपऱ्याचा वाटा नाहीसा होतो आणि दोन पट्ट्या उरतात. म्हणून पहिल्याचा अवकलज गुणिले दुसरे, अधिक पहिले गुणिले दुसऱ्याचा अवकलज, असा हा नियम आहे. वरील उदाहरणात २क्ष⁴ + ३क्ष⁴ = ५क्ष⁴ हे उत्तर जुळते.

क्षणिक बदलाचा विचार भारतात जुना आहे. भास्कराचार्यांनी ११५० साली लिहिलेल्या ‘सिद्धान्तशिरोमणी’त ग्रहांच्या तात्कालिक गतीची चर्चा आहे. ज्येमधील सूक्ष्म बदल कोटिज्येच्या प्रमाणात असतो, हे त्यांनी जाणले होते. काशीस अध्यापन करणारे मराठी पंडित बापूदेव शास्त्री यांनी १८५८ साली एका लेखाद्वारे याकडे विद्वानांचे लक्ष वेधले.

तथापि, प्रत्येक फलनाला अवकलज असतोच असे नाही. क्ष च्या केवल मूल्याचा आलेख शून्यापाशी टोकदार होतो. उजवीकडे त्याचा उतार १, तर डावीकडे −१ असल्याने शून्यापाशी अवकलज मिळत नाही. १८७२ साली वायरश्ट्रास यांनी याहून आश्चर्यकारक फलन बर्लिन येथे मांडले. त्याचा आलेख कोठेही तुटत नाही, तरी त्याला एकाही बिंदूपाशी अवकलज नाही.

अशा फलनांचा सखोल अभ्यास लखनऊ येथे झाला. लखनऊ विद्यापीठातील गणिती अवधेश नारायण सिंह यांचे अवकलज नसलेल्या फलनांच्या सिद्धांतावरील व रचनेवरील पुस्तक १९३५ साली प्रसिद्ध झाले. बिभूतिभूषण दत्त यांच्यासह हिंदू गणिताचा इतिहास लिहिणारे सिंह ते हेच.

सिंह यांच्या अभ्यासविषयातून विद्यार्थ्याला महत्त्वाची गोष्ट कळते. गुणाकाराचा नियम वापरण्यापूर्वी दोन्ही फलनांना त्या बिंदूपाशी अवकलज आहे की नाही, हे पाहावे लागते. म्हणून प्रथम फलनाचे रूप ओळखावे, नंतर नियम लागू पडतो का ते तपासावे, मग अवकलन करावे आणि शेवटी एखादी सोपी किंमत घालून उत्तराची खात्री करून घ्यावी.